सावेदादा

आज चित्रपट पाहताना कोणाला नवल वाटत नाही. परंतु पडद्यावरील माणसे चालू लागली की प्रेक्षक थक्क होत, असाही एक काळ होता. त्या काळी चित्रपटाचा कॅमेरा स्वतः हाती घेण्याचे धाडस एका मराठी माणसाने केले. त्यांचे नाव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. लोक त्यांना आदराने सावेदादा म्हणत.

सावेदादांचा जन्म १८६८ साली झाला. मुंबईत त्यांचा छायाचित्रणाचा व्यवसाय होता. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्समधील ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे प्रथम दाखविण्यात आली. हे खेळ पाहून सावेदादांना वाटले, परदेशातील दृश्ये जर अशी टिपता येतात, तर आपल्या लोकांचे जीवन का टिपता येऊ नये? त्यांनी एकवीस गिनी मोजून इंग्लंडहून कॅमेरा मागविला. त्या काळी ही रक्कम लहान नव्हती. शिवाय ही विद्या शिकविणारा गुरूही येथे कोणी नव्हता.

१८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलीक दादा व कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती लावण्यात आली. सावेदादांनी ती चित्रित केली. फिल्म धुण्याची सोय येथे नसल्यामुळे ती आगबोटीने लंडनला पाठवावी लागली. ती परत येईपर्यंत श्रमांचे चीज झाले की नाही, हे कळण्यास मार्ग नव्हता. अखेर फिल्म आली आणि पडद्यावर आपलेच मल्ल झुंजताना लोकांनी पाहिले!

पुढे केंब्रिजमध्ये गणितात सर्वोच्च यश मिळवून रँग्लर रघुनाथ परांजपे १९०१ साली मायदेशी परतले. कुस्ती पुन्हा लावता आली असती. हा क्षण मात्र पुन्हा येणार नव्हता. सावेदादांनी तो स्वागतसोहळा अचूक टिपला. हा भारतातील पहिला वार्तापट मानला जातो. १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी चित्रित केला.

काही वर्षांनी त्यांनी चित्रण थांबविले. १९१३ साली दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' प्रदर्शित झाला, तो याच वाटेवरचा पुढचा टप्पा होय. १९५८ साली सावेदादांचे निधन झाले. त्यांच्या फिल्म आज उपलब्ध नाहीत. परंतु आपल्या मातीतील साधी कुस्तीही चित्रित करण्याजोगी आहे, हे ओळखणारी त्यांची दृष्टी मात्र काळाच्या ओघात हरवलेली नाही.