टायपिस्ट ते दिग्दर्शक: म्युरिएल बॉक्स

दरवर्षी आपल्या वाङ्मय मंडळाची एकांकिका बसते आणि दरवर्षी तीच अडचण येते. मुली पंधरा, मुलगे तीन, आणि हाती लागलेल्या संहितेत बायकांच्या भूमिका दोन. एक आई आणि एक प्रेयसी. उरलेल्या तेरा जणींनी कपडेपट, प्रॉम्प्टिंग आणि चहा बघायचा. यंदा वैतागून मीच एकांकिका लिहायला घेतली. लिहून झाली, वाचनही झालं, सगळ्यांना आवडली. मग बसवणार कोण असा प्रश्न आला. सगळ्यांनी एका मुलाचं नाव घेतलं आणि मीही मान डोलावली. घरी येईपर्यंत मला स्वतःचाच राग आला होता. माझ्या मनातही दुसरं नाव का आलं नाही?

त्याच आठवड्यात इंग्रजीच्या असाइनमेंटसाठी जुन्या ब्रिटिश सिनेमावर वाचत होते. तिथे म्युरिएल बॉक्स भेटली. असाइनमेंट देऊन झाली, पण ही बाई काही डोक्यातून जाईना. म्हणून हा लेख.

म्युरिएलचा जन्म 1905 चा, लंडनजवळच्या सरे परगण्यातला. माहेरचं नाव व्हायोलेट म्युरिएल बेकर. घरची परिस्थिती बेताची. तिला लहानपणापासून नाटक-सिनेमाचं वेड होतं, पण पोटासाठी ती टायपिंग शिकली आणि वेलविन गार्डन सिटीत, बायकांच्या कॉर्सेट बनवणाऱ्या एका कंपनीत नोकरीला लागली. त्याच गावात एका फिल्म कंपनीचा स्टुडिओ होता. 1929 च्या सुमारास ती तिथे शिरली, तीही टायपिस्ट म्हणूनच. दुसऱ्यांच्या पटकथा टाइप करता करता तिला पटकथा कशी बांधतात ते कळायला लागलं. पुढे ती कंटिन्युइटी बघू लागली. म्हणजे आधीच्या शॉटमध्ये नटाच्या कोणत्या हातात कप होता, मेणबत्ती किती जळली होती, याची नोंद ठेवायची. सेटवर हे काम बहुतेक बायकांकडेच असे. कामात क्षुल्लक काही नाही, उलट सगळा सिनेमा डोक्यात ठेवावा लागतो. पण श्रेयनामावलीत त्याची जागा अगदी खाली.

तिथल्या दिवसांत तिची सिडनी बॉक्स या तरुण पत्रकाराशी ओळख झाली. त्यालाही लिहायचं होतं. 1935 मध्ये दोघांनी लग्न केलं आणि जोडीने एकांकिका लिहायचा सपाटा लावला. इथे मी खुर्चीतून उठलेच! कारण या एकांकिका हौशी मंडळांसाठी होत्या आणि त्यांतल्या कितीतरी फक्त बायकांच्या भूमिकांच्या. इंग्लंडमध्येही गावोगावच्या हौशी नाट्यसंस्थांत बायका पुष्कळ आणि भूमिका पुरुषांच्या, हीच रड होती. बॉक्स नवरा-बायकोने ती गरज ओळखली. अशा नाटकांचं त्यांचं एक पुस्तक तर चक्क ‘लेडीज ओन्ली’ या नावाने निघालं. म्हणजे आमची अडचण नव्वद वर्षं जुनी आहे, आणि तिच्यावरचा उपायही.

मग दुसरं महायुद्ध आलं. सिडनीने 1940 मध्ये व्हेरिटी फिल्म्स ही कंपनी काढली. सरकारसाठी प्रचारपट आणि माहितीपट करणं हा तिचा धंदा. म्युरिएल तिथे लिहायची, आणि ‘द इंग्लिश इन’ नावाचा एक छोटा माहितीपट तिने दिग्दर्शितही केला. त्यानंतर लहान मुलांनी रस्त्यावर कसं वागावं हे शिकवणारा एक माहितीपट तिच्याकडे येणार होता. पण सरकारी माहिती खात्याला या कामासाठी बाई योग्य वाटली नाही, आणि ते दुसऱ्याकडे गेलं. मुलांना हाताला धरून रस्ता ओलांडायला बहुतेक आयाच शिकवतात, पण त्याचा सिनेमा करायला मात्र पुरुष पाहिजे, असा तो हिशेब.

तिने लिहिणं सोडलं नाही. 1945 मध्ये ‘द सेव्हन्थ व्हेल’, म्हणजे सातवा पडदा, हा सिनेमा आला. निर्माता सिडनी, दिग्दर्शक कॉम्प्टन बेनेट, पटकथा नवरा-बायको दोघांची. फ्रान्सेस्का ही पियानो वाजवणारी मुलगी आपली बोटं कायमची निकामी झाली या समजुतीने खचून जाते. एक मानसोपचारतज्ज्ञ संमोहनाच्या मदतीने तिच्या मनावरचा एकेक पडदा बाजूला करत जातो आणि त्यातून तिचं आयुष्य आपल्याला कळत जातं. ॲन टॉड फ्रान्सेस्का झाली होती, आणि तिचा कडक, लंगडा पालक निकोलस म्हणजे जेम्स मेसन.

या नावाची एक गंमत सांगते. सात पडद्यांचा नाच म्हणजे सलोमेचा. हेरोद राजापुढे नाचून जिने बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाचं शिर मागितलं, ती. मिस्सेला हे वाचन कितीदा तरी ऐकलंय, म्हणून शुभवर्तमान उघडून पाहिलं. तिथे त्या मुलीचं नाव नाही आणि सात पडदेही नाहीत! पडदे आले ऑस्कर वाइल्डच्या नाटकातून.

सिनेमा तुफान चालला. 1947 च्या मार्चमध्ये म्युरिएल आणि सिडनी यांना मूळ पटकथेचं ऑस्कर मिळालं. या विभागात ऑस्कर मिळवणारी ती पहिली बाई. मला स्वतःला शेवट पटला नाही. ज्या निकोलसने पियानोवरच्या तिच्या बोटांवर काठी मारली, त्याच्याकडेच फ्रान्सेस्का परत जाते. ऑस्कर मिळालेल्या पटकथेशीही भांडता येतं, हे मला त्यातून कळलं.

या यशामुळे सिडनीला 1946 मध्ये गेन्सबरो स्टुडिओचं प्रमुखपद मिळालं होतं आणि म्युरिएल तिथल्या कथा-पटकथा विभागाची प्रमुख झाली. ढीगभर संहिता वाचायच्या, दुरुस्त करायच्या, वेळेत द्यायच्या. टायपिस्टच्या खुर्चीतून विभागप्रमुखाच्या खुर्चीत यायला तिला सतराएक वर्षं लागली. पण दिग्दर्शकाची खुर्ची अजून लांबच होती. 1949 च्या ‘द लॉस्ट पीपल’ या युद्धनिर्वासितांवरच्या सिनेमाचे काही प्रसंग पुन्हा चित्रित करायची वेळ आली, तेव्हा तिला बोलावलं आणि सहदिग्दर्शक म्हणून तिचं नाव लागलं. बिघडलेलं निस्तरायला बाई चालली, हे लक्षात घ्या.

पूर्ण सिनेमा तिला मिळाला तो 1952 मध्ये, ‘द हॅपी फॅमिली’. तेव्हा ती सेहेचाळीस वर्षांची होती. 1951 च्या फेस्टिव्हल ऑफ ब्रिटनसाठी सरकारला रस्ता काढायचा असतो आणि मध्ये एका साध्या कुटुंबाचं दुकान येतं. घरातले सगळे दारं-खिडक्या बंद करून आत मोर्चा बांधतात आणि सरकारशी लढतात. आहे विनोदी, पण रस्तारुंदीकरणाची नोटीस ज्यांच्या घरी आली आहे त्यांना त्यातलं दुखणं लगेच कळेल.

पुढच्या वर्षी ‘स्ट्रीट कॉर्नर’ आला. त्याआधी ‘द ब्लू लॅम्प’ हा पोलिसांवरचा सिनेमा खूप गाजला होता, पण त्यात महिला पोलिसांच्या कामाला जागाच नव्हती. म्युरिएलने त्यांच्यावरच सिनेमा केला. 1955 चा ‘सायमन अँड लॉरा’ टेलिव्हिजनची थट्टा करतो. सतत भांडणारं एक नट-नटी जोडपं पडद्यावर रोज आदर्श नवरा-बायकोचं सोंग वठवतं. आजचे इन्स्टाग्रामवरचे संसार पाहून हा सिनेमा जुना वाटतच नाही. ‘द ट्रुथ अबाउट विमेन’ मध्ये तिला स्वतःचं म्हणणं सर्वांत मोकळेपणाने मांडता आलं, पण वितरकांनी त्याच्यावर विश्वास दाखवला नाही. 1959 मध्ये तिने आयर्लंडला जाऊन ‘धिस अदर ईडन’ केला. आयर्लंडमध्ये एका बाईने दिग्दर्शित केलेला तो पहिला कथापट. 1964 चा ‘रॅटल ऑफ अ सिंपल मॅन’ तिचा शेवटचा.

बारा वर्षांत बारा-तेरा सिनेमे. त्या काळच्या ब्रिटनमध्ये दुसऱ्या कुठल्याही बाईने एवढे केले नाहीत. ते सगळे थोर आहेत असं मी म्हणणार नाही. काही बेतासबात आहेत, काही नुसते नाटकावरून उचललेले वाटतात. पण पुरुष दिग्दर्शकांनाही बेतासबात सिनेमे करायची मुभा होतीच की. तिला प्रत्येक वेळी नव्याने सिद्ध करावं लागलं की मोठं युनिट बाई सांभाळू शकते. आणखी एक गोष्ट विसरता येत नाही. यातले बरेच सिनेमे तिला मिळाले, कारण निर्माता तिचा नवराच होता. तो नसता तर? आणि ज्यांचा नवरा निर्माता नव्हता, त्या कितीजणी टायपिंगच्या टेबलाशीच राहिल्या असतील?

सिनेमा सुटल्यावर ती गप्प बसली नाही. कादंबरी लिहिली, आणि व्हेरा ब्रिटन वगैरे लेखिकांबरोबर फेमिना ही बायकांची प्रकाशनसंस्था उभी केली. तिथून तिने मेरी स्टोप्सच्या खटल्याचं पुस्तक संपादित करून काढलं. संततिनियमनाच्या त्या वादात समोरची बाजू एका कॅथलिक डॉक्टरची होती. घरी मी हे सांगितलं तेव्हा जेवणाच्या टेबलावर थोडी शांतता पसरली. तिचं सगळंच मला पटायला हवं असं नाही. तिने वाद झाकून ठेवला नाही, हे मात्र पटतं.

1969 मध्ये सिडनीशी घटस्फोट झाला. पुढच्या वर्षी तिने जेरल्ड गार्डिनर यांच्याशी लग्न केलं. ते ब्रिटनचे लॉर्ड चान्सलर होते आणि फाशीची शिक्षा रद्द व्हावी म्हणून आयुष्यभर झटले. तिने आधी आत्मचरित्र लिहिलं, मग त्यांचं चरित्र. 1991 च्या मे महिन्यात, वयाच्या पंच्याऐंशीव्या वर्षी ती गेली.

असाइनमेंटला मार्क बरे मिळाले. पण खरं काम दुसरंच होतं. परवा मी मंडळाच्या मॅडमना भेटले आणि एकांकिका मला बसवायची आहे असं सांगितलं. पाय थोडे लटपटत होते. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं की इतके दिवस बोलली का नाहीस? याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. ज्या मुलाचं नाव ठरलं होतं, त्याला सांगायला गेले तर तो सुटल्यासारखा हसला. त्यालाही कुणी विचारलं नव्हतं!

तर मंडळी, तालमी सोमवारपासून, दुपारी चार वाजता, हॉलमध्ये. भूमिका बारा, सगळ्या बायकांच्या, आणि त्यात प्रेयसी एकही नाही. प्रॉम्प्टिंगसाठी एक मुलगा हवा आहे. चहा सगळ्यांनी आळीपाळीने करायचा आहे.