आठ फूट अकरा इंचांचा रॉबर्ट

रॉबर्ट वॉडलो २२ फेब्रुवारी १९१८ रोजी अमेरिकेतील इलिनॉय राज्यातल्या ऑल्टन या गावी जन्मला. जन्माच्या वेळी त्याचे वजन चारचौघांसारखेच होते. पण आठव्या वर्षी तो वडिलांपेक्षा उंच झाला. मेंदूच्या तळाशी वाटाण्याएवढी पिट्युटरी ग्रंथी असते. रॉबर्टच्या शरीरात ती प्रमाणाबाहेर वाढली होती आणि वाढीचे संप्रेरक सतत स्रवत होती. त्या काळी यावर खात्रीचा उपाय नव्हता.

उंची थांबत नव्हती, म्हणून रॉबर्टही घरात बसून राहिला नाही. शाळेत त्याच्या मापाचे बाक आले. तेराव्या वर्षी, सात फूट चार इंच उंचीचा असताना, तो बालवीर पथकात गेला. त्याला पोस्टाची तिकिटे जमवण्याचा आणि छायाचित्रे काढण्याचा छंद होता. १९३७ मध्ये त्याने सर्कशीत काम केले, तेही स्वतःच्या अटींवर: विचित्र पोशाख घालणार नाही, नेहमीच्या कपड्यांतच लोकांसमोर येईन.

त्याच वर्षी एका डॉक्टरने वैद्यकीय नियतकालिकात त्याचे वर्णन मंद आणि तुसडा असे केले. कुटुंब न्यायालयात गेले, पण दावा हरले. ओळखणाऱ्यांना मात्र रॉबर्ट शांत आणि मनमिळाऊ म्हणूनच ठाऊक होता. रोग तपासताना माणूस नजरेआड होतो, हे आम्हा डॉक्टरांनी यातून शिकायला हवे.

त्याच्या पायांतील संवेदना कमी झाली होती आणि चालायला कॅलिपर लागत. जुलै १९४० मध्ये कॅलिपर घासून घोट्याला फोड आला, त्यात जंतुसंसर्ग झाला. रक्त दिले, शस्त्रक्रिया केली. पण पेनिसिलिन अजून रुग्णांपर्यंत पोहोचले नव्हते. १५ जुलैला, अवघ्या बाविसाव्या वर्षी तो गेला. तेव्हा त्याची उंची २७२ सेंटिमीटर होती. त्याच्याएवढ्या उंच माणसाची खात्रीची नोंद आजही दुसरी नाही.

आज या विकारावर शस्त्रक्रिया आणि औषधे आहेत. मूल अचानक फार वेगाने उंच होऊ लागले, तर कौतुक करत थांबू नका, डॉक्टरांना दाखवा. मधुमेहाने पाय बधिर झालेल्यांनी रोज तळपाय आणि घोटे तपासावेत. न दुखणारा फोडही जिवावर बेततो. आणि वेगळे दिसणारे मूल भेटले, तर टक लावून पाहण्याऐवजी आधी त्याचे नाव विचारा.