पडद्यामागचे काम

धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेत व बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकला, छायाचित्रण इत्यादी कला आत्मसात केल्या. पुढे छापखाना काढला. परंतु चित्रपटाचा ध्यास लागताच हे सारे मागे पडले. १९१२ साली लंडनला जाऊन त्यांनी कॅमेरा आणला, आणि ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ हा त्यांचा मूकपट मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात झळकला.

हे यश एकट्याचे नव्हते. परदेशाहून येणाऱ्या कच्च्या फितीला कडेची छिद्रे नसत; ती अंधारात बसून पाडण्याचे काम त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करीत. भांडवलासाठी त्यांनी आपले दागिनेही दिले. शिवाय रोज साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक! प्रेक्षकांना मात्र पडद्यावर राजा हरिश्चंद्र तेवढा दिसे.

१९१४ साली दादासाहेब पुन्हा लंडनला गेले. तेथे त्यांच्या चित्रपटांचे कौतुक झाले. तिकडेच राहून काम करावे, असे सुचविण्यातही आले. त्यांनी नकार दिला. त्यांची माणसे नाशिकला महिना पगारावर कामाला होती. त्यांना वाऱ्यावर कसे सोडावे?

त्याच वर्षी पहिले महायुद्ध पेटले. भांडवलदारांनी हात आखडता घेतला. मोठा चित्रपट काढणे दुरापास्त झाले, तेव्हा दादासाहेब लहान चित्रपट काढू लागले. आगकाड्या नाचवून त्यांनी मुलांना हसविले; तळेगावच्या काच कारखान्यातील कामही त्यांनी चित्रित केले.

युरोपात त्या वेळी चित्रपट रणांगणावर पोहोचला होता. १९१६ साली सोमच्या लढाईचा चित्रपट इंग्लंडमध्ये लाखो लोकांनी पाहिला. इकडे १९१७ साली दादासाहेबांनी कॅमेरा वळविला तो स्वतःच्या कारखान्याकडे! ‘चित्रपट कसे तयार करतात’ या अनुबोधपटात नटांची तालीम, फीत तपासणे, तिचे तुकडे जोडणे ही नित्याची कामे लोकांसमोर आली. दादासाहेब स्वतः त्यात काम करताना दिसतात. परक्या देशाचा म्हणून समजला जाणारा हा उद्योग आपली माणसे आपल्या हातांनी करीत आहेत, हे लोकांना डोळ्यांनी पाहता आले.

त्याच वर्षी ‘लंका दहन’ गाजला, आणि १९१८ साली भागीदार मिळून हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. दादासाहेबांचे निधन १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे झाले. त्या अनुबोधपटाचा काही भाग आजही पाहावयास मिळतो.