शाईचा थेंब आणि दृष्टिहीन प्राध्यापक

स्वयंपाकघरातल्या नळाची तोटी हळूहळू बंद करत आणली, की अखंड वाहणारी धार बारीक होते आणि खालच्या टोकाला तुटून तिचे थेंब होतात. रोज दिसणारी गोष्ट, म्हणून आपण तिच्याकडे लक्ष देत नाही. ही धार कुठे तुटते, का तुटते आणि थेंब एका मापाचे का होतात, या प्रश्नांमागे बेल्जियममधल्या एका प्राध्यापकाने एकोणिसाव्या शतकात सुमारे चाळीस वर्षे घालवली. त्यातली बहुतेक वर्षे त्यांना डोळ्यांनी काहीच दिसत नव्हते. आज घरोघरी, दुकानांत आणि कार्यालयांत असलेल्या इंकजेट प्रिंटरची शाई सुधारताना रसायनतज्ज्ञ ज्या अडचणींशी झगडतात, त्यांचे मूळ या प्राध्यापकाच्या प्रयोगांत सापडते. त्यांचे नाव जोसेफ प्लातो. ग्रीक तत्त्वज्ञ प्लेटोशी त्यांचा काही संबंध नाही.

जोसेफचा जन्म १४ ऑक्टोबर १८०१ रोजी ब्रुसेल्समध्ये झाला. वडील चित्रकार होते आणि फुलांची चित्रे काढण्यात त्यांचा हातखंडा होता. मुलानेही कुंचला हाती घ्यावा अशी त्यांची इच्छा होती. पण शाळकरी वयातच जोसेफने भौतिकशास्त्राचे काही प्रयोग पाहिले आणि त्यांचे कोडे उलगडण्याचा ध्यास त्याला लागला. चौदाव्या वर्षापर्यंत आई आणि वडील दोघेही गेले. वकील असलेल्या मामाने त्याला सांभाळले. ब्रुसेल्सच्या विद्यालयात त्याला गणिताचे शिक्षक मिळाले ते अदोल्फ केतले. वजन आणि उंचीवरून आज डॉक्टर जो ‘बीएमआय’ काढतात, त्यामागचे सूत्र मांडणारे हेच ते केतले. शिष्याची बुद्धी त्यांनी ओळखली. लिएजच्या विद्यापीठात प्लातोंनी आधी कायदा शिकायला नाव घातले होते, पण मन विज्ञानातच होते. १८२९ मध्ये त्यांनी डॉक्टरेट मिळवली ती प्रकाशाचा डोळ्यावर होणारा परिणाम या विषयावर.

रंगांच्या अभ्यासाशी त्यांचा संबंध इथे आला. पिवळा आणि निळा रंग पाण्यात कालवला तर हिरवा मिळतो, हे चित्रकाराच्या मुलाला ठाऊक असणारच. तेच दोन रंग चकतीवर वेगवेगळ्या पट्ट्यांत लावून चकती वेगाने फिरवली, तर मात्र डोळ्याला राखाडी छटा दिसते. रंग कागदावर मिसळणे वेगळे आणि डोळ्यात मिसळणे वेगळे. आजच्या छपाईत या दोन्ही गोष्टी एकाच वेळी घडतात. शाईचे ठिपके कुठे एकमेकांवर पडतात, कुठे शेजारी शेजारी, आणि त्यांचे चित्र डोळा बनवतो.

डोळ्यावर प्रकाशाचा ठसा किती वेळ टिकतो, हे पाहण्याच्या नादात १८२९ च्या सुमारास प्लातोंनी एक धाडस केले. उघड्या डोळ्यांनी सुमारे २५ सेकंद सूर्याकडे टक लावून पाहिले. काही दिवस त्यांना दिसेनासे झाले, मग नजर परत आली. पुढे १८४१ मध्ये डोळ्यांना जोरदार दाह सुरू झाला आणि १८४३ मध्ये दृष्टी पूर्ण गेली. सूर्याकडे पाहण्याची शिक्षा मिळाली, अशी त्यांची स्वतःची समजूत होती, आणि पुस्तकांतून आजही हीच कथा सांगितली जाते.

वैद्यकीयदृष्ट्या ही कथा जुळत नाही. सूर्याकडे पाहिल्यावर डोळ्यातले भिंग सगळा प्रकाश दृष्टिपटलाच्या मधोमध एकवटते आणि तिथल्या पेशींना इजा होते. दृष्टिपटलाला वेदना कळवणाऱ्या नसा नसल्याने त्या क्षणी दुखत नाही. काही तासांनी नजरेच्या मध्यभागी डाग जाणवू लागतो. अनेकांची नजर काही आठवड्यांत किंवा महिन्यांत सुधारते, काहींचा डाग कायम राहतो. ग्रहण उघड्या डोळ्यांनी पाहू नका असे बजावतात ते यासाठीच, आणि तो सल्ला शंभर टक्के खरा आहे. पण बारा वर्षांनी दाह सुरू होऊन दोन्ही डोळ्यांपुढे पूर्ण अंधार व्हावा, हे या इजेचे लक्षण नव्हे. प्लातोंच्या आजाराच्या नोंदींवरून आजचे तज्ज्ञ वेगळे निदान करतात. त्यांना युव्हिआयटिस, म्हणजे डोळ्याच्या मधल्या थराचा जुनाट दाह, झाला असावा. आज त्यावर स्टिरॉइडचे थेंब आणि इतर औषधे आहेत. त्या काळी डॉक्टरांच्या हाती काही नव्हते.

आंधळेपण येण्यापूर्वीच प्लातोंचे नाव झाले होते. १८३२ मध्ये त्यांनी खाचा असलेली एक चकती बनवली. तिच्या एका बाजूला नर्तकाच्या एकापुढच्या एक अवस्थांची चित्रे होती. आरशासमोर चकती फिरवून खाचांतून पाहिले की नर्तक गिरकी घेताना दिसे. फेनाकिस्टोस्कोप असे जडजंबाळ नाव असलेले हे खेळणे पुढच्या चलत्‌चित्रांचे एक पूर्वज मानले जाते. व्हिएन्नात श्टांफर यांनीही त्याच सुमारास स्वतंत्रपणे अशीच चकती तयार केली होती. १८३५ मध्ये गेंटच्या विद्यापीठात प्लातो प्रायोगिक भौतिकशास्त्राचे प्राध्यापक झाले. १८४० मध्ये लग्न झाले, पुढच्या वर्षी मुलगा झाला, आणि त्याच वर्षी डोळ्यांचा आजार बळावला.

थेंबांकडे ते वळले ते एका अपघाताने, असे सांगतात. पाणी आणि अल्कोहोलच्या मिश्रणात थोडे तेल सांडले आणि ते तरंगण्याऐवजी किंवा बुडण्याऐवजी मधोमध गोल होऊन राहिले. ऑलिव्हचे तेल पाण्याहून हलके आणि अल्कोहोलहून जड असते. दोहोंचे प्रमाण नेमके जमवले की तेलाला वजनच उरत नाही, आणि मग त्याच्या आकारावर सत्ता चालते ती फक्त पृष्ठताणाची. द्रवाच्या पृष्ठभागावरचे रेणू आतल्या रेणूंकडून ओढले जातात, म्हणून द्रव आपला पृष्ठभाग शक्य तितका कमी ठेवू पाहतो. सर्वांत कमी पृष्ठभाग गोलाचा, म्हणून तेलाचा मोठा थोरला थेंबही नितळ गोल होतो. प्लातोंनी असा गोल तारेच्या आसाभोवती फिरवला, तेव्हा तो आधी चपटा झाला आणि मग शनीसारखे कडे टाकून मोकळा झाला.

त्यांचा खरा शोध मात्र गोलात नव्हता. तारेच्या दोन कड्यांच्या मध्ये त्यांनी तेलाचा दंडगोल तयार केला आणि कडी एकमेकांपासून दूर न्यायला सुरुवात केली. एका मर्यादेपर्यंत दंडगोल टिकला, पुढे त्याला मध्ये कंबर आली, एक बाजू फुगली, आणि तो तुटला. मर्यादा होती लांबी व्यासाच्या ३.१३ ते ३.१८ पट होण्याची. शाळेत शिकवला जाणारा ‘पाय’, म्हणजे ३.१४, याच दोन आकड्यांच्या मध्ये बसतो, आणि गणितही नेमके तेच सांगते. त्याहून लांब धार स्थिर राहूच शकत नाही. जिथे ती जराशी बारीक होते तिथे आतला दाब वाढतो, द्रव शेजारच्या फुगीर भागात ढकलला जातो, बारीक जागा आणखी बारीक होते. नळाची धार तुटते ती यामुळेच. आणखी एक गोष्ट या प्रयोगांत दिसली. तुटताना दोन मोठ्या थेंबांमधला पातळ धागा वेगळा पडतो आणि त्याचा एक चिमुकला थेंब बनतो. फ्रान्सच्या साव्हार यांनी पाण्याच्या धारेत असे पिल्लू-थेंब आधीच पाहिले होते.

हा चिमुकला थेंब इंकजेट शाई बनवणाऱ्यांची डोकेदुखी आहे. प्रिंटरच्या शीर्षातल्या प्रत्येक छिद्रातून सेकंदाला हजारो थेंब सुटतात. एक थेंब काही पिकोलिटरचा. एक पिकोलिटर म्हणजे लिटरचा लाख-कोटीवा भाग. केसाच्या जाडीच्या तिसऱ्या-चौथ्या भागाएवढा हा थेंब छिद्रातून निघतो तेव्हा त्याच्यामागे लांब शेपटी असते, आणि ती शेपटी म्हणजे प्लातोंची धार. ती तुटून पिल्लू-थेंब झाले की मुख्य थेंब एकीकडे पडतो, पिल्ले दुसरीकडे. अक्षराच्या कडेला धूसर झालर दिसते ती त्यांची.

उपाय शाईच्या रसायनात शोधावा लागतो. साध्या पाण्याचा पृष्ठताण ७२ मिलिन्यूटन प्रति मीटर असतो. पाण्यावर आधारलेल्या शाईत तो साधारण निम्म्यावर आणतात. तो जास्त राहिला तर शाई बारीक नळ्यांत नीट भरत नाही आणि कागदावर पसरत नाही. फार कमी झाला तर छिद्रातून आपोआप पाझरून शीर्षाच्या पट्टीवर ओल धरते. दाटपणाचेही तसेच. शाई पाण्याच्या काही पट दाट असली तर शेपटीतले हेलकावे आवरतात, त्याहून दाट केली तर थेंब बाहेरच पडत नाही. एक सुंदर युक्ती म्हणजे शाईत अत्यल्प प्रमाणात लांब साखळीचे बहुवारिक रेणू घालणे. शेपटी ताणली जाताना हे गुंडाळलेले रेणू उलगडतात, रबरासारखे ओढ देतात, आणि शेपटी तुटण्याऐवजी मुख्य थेंबात परत खेचली जाते. प्रमाण चुकले तर हेच रेणू थेंबाला छिद्रापासून सुटू देत नाहीत.

रंगद्रव्याचा प्रश्न निराळा. विरघळणारे रंग चमकदार दिसतात, पण ऊन आणि हवेतला ओझोन यांनी फिके पडतात, पाण्याचा थेंब पडला की पसरतात. न विरघळणारी, बारीक दळलेली रंगद्रव्ये अधिक टिकतात, मात्र त्यांचे कण एकमेकांना चिकटून छिद्र बुजवण्याचा धोका असतो. म्हणून काळ्या शाईतल्या कार्बनच्या कणांच्या पृष्ठभागावर रासायनिक क्रियेने ऋण विद्युतभार असलेले गट बसवतात. सारखा भार असलेले कण एकमेकांना दूर लोटतात आणि पाण्यात तरंगत राहतात. ज्या प्रिंटरमध्ये उष्णतेने बुडबुडा तयार करून थेंब ढकलला जातो, तिथे शाईचा पातळ थर काही मायक्रोसेकंदांत ३०० अंश सेल्सिअसच्या आसपास तापतो. शाईत अशुद्ध क्षार असतील तर तापणाऱ्या पट्टीवर कढईच्या बुडासारखी खरपुडी धरते. छिद्राच्या तोंडाशी शाई सुकू नये म्हणून ग्लिसरीन किंवा ग्लायकॉल घालतात. ते पाणी धरून ठेवतात. तरीही महिना-दोन महिने बंद ठेवलेला प्रिंटर का रुसतो, हे ज्याने अनुभवले आहे त्याला वेगळे सांगायला नको.

पाणी, पृष्ठताण कमी करणारा साबणासारखा पदार्थ आणि ग्लिसरीन, या तीन वस्तूंचे मिश्रण प्लातोंच्या प्रयोगशाळेतही होते. शाईसाठी नव्हे, तर साबणाच्या पडद्यांसाठी. साध्या साबणाच्या पाण्याचा पडदा क्षणात फुटे. ग्लिसरीन मिसळल्यावर तो कितीतरी अधिक टिकू लागला, कारण त्यातले पाणी लवकर उडत नव्हते आणि झरून जात नव्हते. तारेचे सांगाडे या द्रवात बुडवून त्यांनी पडद्यांचे नियम शोधले. एका कडेवर तीनच पडदे मिळतात आणि त्यांच्यातला कोन १२० अंशांचा असतो. एका बिंदूत चारच कडा मिळतात, सुमारे साडेएकशे नऊ अंशांनी. हेच का आणि दुसरे का नाही, याची पूर्ण गणिती सिद्धता १९७६ मध्ये जीन टेलर या अमेरिकी गणितज्ञ बाईंनी दिली.

हे सगळे प्लातोंनी स्वतः पाहिले नाही. प्रयोगाची आखणी ते मनात करत, मांडणी कशी करायची ते सांगत, आणि हात व डोळे इतरांचे असत. मुलगा फेलिक्स मोठा झाल्यावर मदतीला आला. गुस्ताव व्हान डर मेन्सब्रुग हे सहकारी पुढे त्यांचे जावई झाले. समोरचा माणूस जे पाहतो ते त्याच्याकडून अचूक काढून घ्यायचे, तर विचारायचे काय हे आधी पक्के ठाऊक हवे. डोळस शास्त्रज्ञ प्रयोग पाहता पाहता प्रश्न सुचू देतो. प्लातोंना ती सोय नव्हती. त्यांच्या मोजमापांतला काटेकोरपणा काही अंशी या अडचणीतूनच आला असावा.

द्रवांवरचे सगळे काम त्यांनी १८७३ मध्ये दोन खंडांच्या फ्रेंच ग्रंथात एकत्र केले. पुढल्या काही वर्षांत इंग्लंडमध्ये लॉर्ड रॅले यांनी त्यावरून गणित पुढे नेले. धार नुसती अस्थिर होते एवढेच नव्हे, तर तिच्या व्यासाच्या सुमारे साडेचार पट अंतरावरचे फुगवटे सर्वांत झपाट्याने वाढतात, आणि म्हणूनच थेंब साधारण एका मापाचे होतात, हे त्यांनी दाखवले. प्लातो–रॅले अस्थिरता या नावाने ते अभियांत्रिकीच्या पुस्तकांत शिकवले जाते.

१५ सप्टेंबर १८८३ रोजी गेंटमध्ये प्लातोंचे निधन झाले. फेलिक्स तोवर त्याच विद्यापीठात प्राणिशास्त्राचे प्राध्यापक झाले होते. पुढे त्यांनी कीटक फुलांकडे येतात ते रंग पाहून की वासाने, यावर बरीच वर्षे प्रयोग केले.