विल्यम लॅम्ब्टन : म्हैसूरच्या पठारावरून हिमालयाच्या मोजणीकडे

हिमालयातील शिखरांची उंची ज्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणामुळे जगाला कळली, त्याचा आरंभ दोनशेहून अधिक वर्षांपूर्वी म्हैसूर राज्यात झाला. या कार्याचे जनक विल्यम लॅम्ब्टन यांची समाधी महाराष्ट्रात, वर्धा जिल्ह्यातील हिंगणघाट येथे आहे.

इंग्लंडमधील यॉर्कशायर परगण्यात जन्मलेले लॅम्ब्टन सैन्यात दाखल होऊन प्रथम अमेरिकेत गेले. तेथे सूर्यग्रहण पाहताना त्यांच्या एका डोळ्याची दृष्टी अधू झाली. पुढे ते आपल्या पलटणीसह भारतात आले आणि १७९९ च्या श्रीरंगपट्टणच्या लढाईत सहभागी झाले. टिपू सुलतानाच्या पाडावानंतर म्हैसूरच्या प्रदेशाची मोजणी करण्याचे ठरले, तेव्हा संपूर्ण द्वीपकल्प त्रिकोणांच्या साखळीने मोजण्याची योजना त्यांनी मांडली.

त्रिकोणाची एक बाजू व कोन अचूक ठाऊक असल्यास उरलेल्या बाजू गणिताने काढता येतात, हे या पद्धतीचे तत्त्व होय. त्यासाठी लॅम्ब्टन यांनी १८०० मध्ये बंगळूरजवळ आणि १८०२ मध्ये मद्रासजवळ पायारेषा मोजल्या. मद्रासची रेषा सुमारे १२ किलोमीटर लांब होती. कोन मोजण्याचे थिओडोलाइट यंत्र सुमारे अर्धा टन वजनाचे होते. ते डोंगरमाथ्यांवर चढवावे लागे. मद्रासपासून म्हैसूर राज्य व पश्चिम घाट ओलांडून मंगळूरपर्यंत मोजणी झाली, तेव्हा द्वीपकल्पाची रुंदी जुन्या नकाशांपेक्षा सुमारे ६५ किलोमीटरने कमी भरली.

१८०८ मध्ये तंजावरच्या मंदिरावर चढविताना हे यंत्र भिंतीवर आदळून त्याचे वर्तुळ वाकले. अनेक वर्षांचे श्रम वाया जाण्याची वेळ आली होती. लॅम्ब्टन यांनी अनेक आठवडे खपून ते स्वतः दुरुस्त केले आणि मोजणी पुन्हा सुरू झाली.

पृथ्वीचा आकार निश्चित करण्यासाठी कन्याकुमारीपासून उत्तरेकडे नेलेली त्रिकोणांची साखळी हे त्यांच्या आयुष्यातील सर्वांत मोठे कार्य ठरले. १८१८ मध्ये त्यास महात्रिकोणमितीय सर्वेक्षण असे नाव मिळाले. हैदराबादहून नागपूरकडे जात असताना, सत्तरीच्या घरात असलेल्या लॅम्ब्टन यांचे २० जानेवारी १८२३ रोजी हिंगणघाट येथे निधन झाले.

त्यांचे सहकारी जॉर्ज एव्हरेस्ट यांनी ही साखळी हिमालयाच्या पायथ्यापर्यंत नेली. तिच्याच आधारे पुढे पंधराव्या क्रमांकाच्या शिखराची उंची काढण्यात आली. या गणनेत बंगाली गणिती राधानाथ सिकदार यांचा मोठा वाटा होता. १८५६ मध्ये ती २९,००२ फूट असल्याचे जाहीर झाले. २०२० मध्ये जाहीर झालेली उंची ८,८४८.८६ मीटर, म्हणजे सुमारे २९,०३२ फूट आहे. जुन्या मोजणीत अवघा तीस फुटांचा फरक निघाला.

१८६५ मध्ये त्या शिखरास एव्हरेस्ट यांचे नाव देण्यात आले. कार्याचा पाया घालणाऱ्या लॅम्ब्टन यांचे नाव मात्र सर्वसामान्यांना फारसे परिचित राहिले नाही.