धर्मानंद कोसंबी : पालीचे दार उघडणारे पंडित



तुमच्या घरी नामकरण असो वा पुण्यानुमोदन, महामंगलसुत्त म्हटले जाते. पण त्याचा अर्थ घरातील किती जणांना सांगता येईल? ज्या सुत्तनिपातात ते सुत्त आहे, तो ग्रंथ मराठीत आणणाऱ्या पंडिताची ही कथा आहे.

धर्मानंदांचा जन्म ९ ऑक्टोबर १८७६ रोजी गोव्यातील साखवाळ येथे ब्राह्मण कुटुंबात झाला. शिक्षण तुटपुंजे होते. नारळीच्या बागा सांभाळताना एका बालमासिकात त्यांनी बुद्धचरित्र वाचले आणि मनाने ठाव घेतला. १८९९ मध्ये पत्नी बाळाबाई व तान्ही मुलगी मागे ठेवून ते निघाले. त्या माउलीने सोसले, हेही विसरू नका.

काशीत अन्नछत्रात जेवून ते संस्कृत शिकले. पुढे नेपाळ, बुद्धगया करीत १९०२ मध्ये सिंहलद्वीपी गेले; तेथे सुमंगलाचार्यांपाशी श्रामणेर होऊन पाली शिकले. ब्रह्मदेशातही राहिले. १९०६ मध्ये ते चीवर सोडून संसारात परतले.

कलकत्त्याची नोकरी सोडून, सयाजीराव गायकवाडांच्या दरमहा ५० रुपयांवर त्यांनी महाराष्ट्रात राहून लिहिणे पत्करले. अमेरिकेत हार्वर्डला विसुद्धिमग्गाचे संशोधन केले. १९१२ पासून पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पाली शिकवली. १९३७ मध्ये परळच्या कामगारवस्तीत बहुजन विहार उभा केला. ४ जून १९४७ रोजी सेवाग्रामला आहार सोडून त्यांनी देह ठेवला.

बंधूंनो, म्हातारा, रोगी व प्रेत पाहून सिद्धार्थाने घर सोडले, ही कथा कोसंबींनी जुन्या सुत्तांशी ताडून पाहिली आणि नाकारली. शाक्य-कोलियांचे भांडण हे त्यांना खरे कारण वाटले. पूज्य बाबासाहेबांनीही आपल्या ग्रंथात रोहिणीच्या पाण्याचा वादच पुढे मांडला. श्रद्धेला चौकशीची भीती नसते, हा धडा यातून घ्या.

आपल्या धाराशिव जिल्ह्यातील तेर म्हणजे प्राचीन तगर. तेथे उत्खननात स्तूपाचे अवशेष निघाले आहेत. म्हणजे धम्म या मातीला परका नाही. मध्ये केवळ अर्थ हरवला होता. तेव्हा तेरला मुलांना घेऊन जा. आणि येत्या पौर्णिमेला सुत्त म्हणून झाल्यावर त्याचा मराठी अर्थ घरातल्या मुलीकडून मोठ्याने वाचून घ्या. आजीलाही तो कळला पाहिजे.