दातावरून हत्ती ओळखणारा माणूस : जॉर्ज क्युव्हिए

आयफेल टॉवरच्या पहिल्या मजल्याच्या खाली चारही बाजूंना ७२ नावं कोरलेली आहेत. १८८९ साली टॉवर उभा राहिला तेव्हा गुस्ताव्ह आयफेलने ही यादी निवडली. मेकॅनिकल आणि सिव्हिलवाल्यांना त्यातली बरीच ओळखीची वाटतील. फ्लुइड मेकॅनिक्समधला नाव्हिए आहे, मशीन डिझाइनच्या पेपरात हमखास येणारा ट्रेस्का आहे, लाप्लास तर आपला पिच्छाच सोडत नाही. या सगळ्यांच्या पंगतीत क्युव्हिए नावाचा एक माणूस बसलाय. त्याने ना पूल बांधला, ना इक्वेशन लिहिलं. त्याने हाडं मोजली. मला विचाराल तर तो या यादीत शोभतो, कारण त्याची विचार करायची पद्धत अस्सल इंजिनिअरची होती.

जॉर्ज क्युव्हिएचा जन्म २३ ऑगस्ट १७६९ चा, माँबेल्यार गावचा. हे गाव आज फ्रान्समध्ये आहे, तेव्हा ते व्युर्टेम्बर्गच्या जर्मन ड्यूकच्या ताब्यात होतं. वडील निवृत्त लष्करी अधिकारी, पैसा बेताचाच. जॉर्ज हे त्याचं पाळण्यातलं नावच नव्हे. ते त्याच्या लहानपणीच वारलेल्या मोठ्या भावाचं नाव, आणि घरात तेच याला चिकटलं. पोरगं हुशार होतं. बुफाँ नावाच्या निसर्गशास्त्रज्ञाचे ग्रंथ हाती लागले आणि हा त्यातली चित्रं उतरवून रंगवत बसायचा. पुढे स्टुटगार्टच्या अकादमीत शिकला, पण सरकारी कारभाराचं शिक्षण घेऊनही नोकरी काही मिळेना. (हा भाग आपल्याला वेगळा समजावून सांगायला नको!) म्हणून १७८८ मध्ये नॉर्मंडीत एका सरदार घराण्यात तो शिकवणीला लागला.

ही नोकरी त्याच्या पथ्यावर पडली. पॅरिसमध्ये राज्यक्रांती पेटली होती, माणसांची मुंडकी उडत होती, आणि हा समुद्रकिनारी बसून कालवं, शिंपल्यातले जीव, मासे कापून आत काय आहे ते बघत होता. त्याची टिपणं आणि चित्रं पॅरिसच्या लोकांच्या नजरेत आली. १७९५ मध्ये एतिएन जोफ्र्वा सँतिलेर या तरुण प्राध्यापकाने त्याला पॅरिसला बोलावून घेतलं आणि क्युव्हिए तिथल्या निसर्गविज्ञान संग्रहालयात प्राण्यांच्या शरीररचनेचा सहायक झाला. वय पंचवीस.

आता मॅमथकडे येतो. मॅमथ म्हटलं की आपल्याला आइस एज सिनेमातला केसाळ मॅनी आठवतो. अठराव्या शतकात मात्र हा एक मोठा पेच होता. सायबेरियाच्या गोठलेल्या जमिनीतून हस्तिदंत निघायचे आणि त्यांचा जोरात व्यापार चालायचा. तिथल्या लोकांत समज असा की हा घुशीसारखा जमिनीखाली राहणारा अवाढव्य प्राणी असून उजेड लागला की मरतो. युरोपातल्या विद्वानांचे तर्कही फार वेगळे नव्हते. कोणी म्हणे महापुरात हत्तींची प्रेतं उत्तरेला वाहत गेली, कोणी म्हणे एकेकाळी सायबेरियाच उष्ण होता. इटलीत हाडं सापडली तर ती हॅनिबलच्या सैन्यातल्या हत्तींची. एक शक्यता मात्र कोणाला फारशी मानवत नव्हती : हा प्राणी वेगळाच होता आणि तो आता पृथ्वीवर नाही. देवाने केलेली एखादी जात अख्खी नाहीशी होईल हे पटायचं कसं? अमेरिकेचा थॉमस जेफर्सनसुद्धा असे प्राणी पश्चिमेच्या रानात अजून हिंडत असावेत असं मानायचा, आणि १८०३ मध्ये लुइस आणि क्लार्क यांना मोहिमेवर धाडताना दुर्मिळ किंवा नामशेष समजल्या गेलेल्या प्राण्यांवर नजर ठेवा अशी सूचना त्याने दिली होती.

क्युव्हिएचं नशीब असं की त्याच सुमारास फ्रेंच सैन्याने हॉलंड जिंकलं आणि तिथल्या राजघराण्याचा प्राणिसंग्रह लुटून पॅरिसला आणला. सरळ भाषेत सांगायचं तर चोरीचा माल. त्यात हत्तीच्या दोन कवट्या होत्या, एक सिलोनची आणि एक केप ऑफ गुड होपची. क्युव्हिएने त्या शेजारी ठेवल्या आणि दाढा पाहिल्या. हत्तीची दाढ म्हणजे इनॅमलच्या उभ्या पट्ट्या एकमेकींना चिकटवून केलेला ठोकळा. वरचा भाग घासला की त्या पट्ट्यांची नक्षी दिसते. आपल्याकडच्या हत्तीच्या दाढेवर जवळजवळ समांतर, नागमोडी रेघा दिसतात, तर आफ्रिकन हत्तीच्या दाढेवर शंकरपाळ्याच्या आकाराच्या. म्हणजे हे दोन हत्तीच मुळात वेगळ्या जातींचे. तोवर सगळे त्यांना एकच समजत होते! मग त्याने सायबेरियाची दाढ घेतली. तिच्यातल्या पट्ट्या अधिक पातळ आणि दाटीवाटीने बसलेल्या, खालच्या जबड्याचा आकारही निराळा. १७९६ मध्ये त्याने पॅरिसच्या विद्वत्सभेत निबंध वाचला की मॅमथ या दोघांपैकी कोणीच नाही, तो आता अस्तित्वात नसलेला प्राणी आहे. इतका मोठा प्राणी कुठे लपून राहणार? अमेरिकेत ओहायो नदीकाठी सापडलेला जनावराचा सांगाडा तर आणखी वेगळा निघाला, त्याला पुढे १८०६ मध्ये त्याने मॅस्टोडॉन हे नाव दिलं. पृथ्वीवर आपल्या आधीही एक जग होतं आणि ते गेलं, ही गोष्ट दाढेवरच्या रेघांनी सिद्ध झाली. मला यात सगळ्यात भारी वाटतं ते हे की यासाठी लागलं फक्त नीट बघणं.

त्याचं म्हणणं थोडक्यात असं की प्राण्याचं शरीर हे यंत्र आहे. एक भाग बदलला की बाकीचे बदलावेच लागतात. मांस कापणारे दात असतील तर जबड्याचा सांधा तसा हवा, भक्ष्य धरणारे पंजे हवेत, ते पचवणारं आतडं हवं. गिअरचा एक दात हातात आला तर मॉड्यूल काढून अख्खा गिअर कसा असेल ते आपण सांगतो ना, तसंच.

आणि तो नुसता बोलत नव्हता, टेस्ट द्यायचा. माँमार्त्र टेकडीच्या जिप्समच्या खाणीत, म्हणजे ज्या जिप्समवरून प्लास्टर ऑफ पॅरिस हे नाव आलं तिथेच, एका छोट्या प्राण्याचा सांगाडा दगडात अडकलेला मिळाला. दात आणि जबडा पाहून क्युव्हिए म्हणाला की हा ओपॉसम आहे, कांगारूच्या गोतावळ्यातला. तसं असेल तर ओटीपोटापाशी दोन विशिष्ट हाडं असलीच पाहिजेत. त्याने साक्षीदार बोलावले आणि सुईने दगड कोरत गेला. हाडं होती! हे १८०४ चं. व्हायवात एवढ्या आत्मविश्वासाने उत्तर द्यायची माझी तरी छाती नाही.

तिकडे सायबेरियात लेना नदीच्या मुखाशी १७९९ मध्ये एका शिकाऱ्याला बर्फात काहीतरी काळं दिसलं. काही वर्षांनी बर्फ वितळलं आणि आख्खा मॅमथ बाहेर आला. शिकाऱ्याने सुळे काढून विकले. १८०६ मध्ये ॲडम्स हा शास्त्रज्ञ पोचेपर्यंत कोल्ह्या-लांडग्यांनी बरंच मांस खाल्लं होतं, तरी कातडी इतकी उरली होती की दहा माणसांना उचलवेना. तिच्यावर दाट केस होते. म्हणजे उष्ण प्रदेशातून वाहत आलेला हत्ती नव्हे, थंडीत राहणारा थंडीचाच प्राणी. हा सांगाडा आजही सेंट पीटर्सबर्गच्या संग्रहालयात उभा आहे.

क्युव्हिएने यावरून पुढचा निष्कर्ष काढला. मांस सडलं नाही, म्हणजे मॅमथ एका झटक्यात गोठले, म्हणजे पृथ्वीवर अधूनमधून अचानक महाउत्पात होतात आणि जुनी सृष्टी बुडते. १८१२ च्या चार खंडी ग्रंथात त्याने हे मांडलं. इथे गाडी रुळावरून घसरली. मॅमथ एका रात्रीत संपले नाहीत. हिमयुग सरलं, गवताळ माळ आक्रसले, माणसाची शिकार चालू होती, आणि कळप हजारो वर्षं कमी कमी होत गेले. रँगल बेटावरचे शेवटचे मॅमथ तर सुमारे ४००० वर्षांपूर्वीपर्यंत जिवंत होते, म्हणजे गिझाचे पिरॅमिड बांधून झाले होते तेव्हा. माणूस आणि मॅमथ एका काळात होते हे क्युव्हिएला मान्य नव्हतं. १८६४ मध्ये फ्रान्समध्येच ला मादलेनला मॅमथच्या सुळ्यावर कोरलेलं मॅमथचं चित्र सापडलं, आणि तो वाद मिटला. २००७ मध्ये यामालला ल्युबा हे महिन्याभराचं पिल्लू मिळालं, सुमारे ४२,००० वर्षांपूर्वीचं. पोटात आईचं दूध होतं, आणि मोठ्या मॅमथचं शेणही, कारण आजच्या हत्तींची पिल्लंही तेच खाऊन पचनाचे जंतू मिळवतात. सोंडेत चिखल भरलेला होता, गुदमरून गेलं बिचारं.

क्युव्हिएचा आपल्या देशाशीही एक धागा आहे. क्रांतीत नवऱ्याला गिलोटिनवर गमावलेल्या विधवेशी त्याने १८०४ मध्ये लग्न केलं. तिचा मुलगा आल्फ्रेड द्युव्होसेल प्राणी गोळा करायला १८१८ मध्ये बंगालमध्ये आला. त्याने पाठवलेल्या शिंगांवरून क्युव्हिएने १८२३ मध्ये बारशिंग्याला सावत्र मुलाचं नाव दिलं. कान्हाला सहलीला गेलात तर पाटीवरचं द्युव्होसेली हे शास्त्रीय नाव वाचा, ते हेच. आल्फ्रेड १८२४ मध्ये मद्रासला वारला. त्याच्या सोबत आलेल्या दिआरने मलायी टॅपिरची खबर पॅरिसला पाठवली होती, आणि तीही क्युव्हिएने आता मोठे चतुष्पाद नवे सापडण्याची आशा फार थोडी असं लिहून ठेवल्यावर!

एवढा हुशार माणूस हट्टी मात्र जबर. जाती बदलत जातात हे लामार्कचं म्हणणं त्याने कधी मानलं नाही. इजिप्तच्या ममीतले पक्षी आजच्यासारखेच आहेत, मग बदल कुठाय, असा त्याचा सवाल. तीन हजार वर्षं हा काळ फार थोडा आहे हे त्याच्या लक्षात आलं नाही. आणि एका गोष्टीबद्दल तर मला त्याला माफ करावंसं वाटत नाही. दक्षिण आफ्रिकेतून आणून युरोपात तमाशासारखी दाखवलेली सारा बार्टमन १८१५ च्या अखेरीस पॅरिसमध्ये वारली. क्युव्हिएने तिच्या देहाची चिरफाड केली आणि तिची तुलना माकडांशी करून छापली. मॅमथच्या दाढेतला बारीक फरक दिसणाऱ्या डोळ्यांना समोरचं माणूस दिसलं नाही. तिचे अवशेष १९७० च्या दशकापर्यंत पॅरिसमध्ये प्रदर्शनात होते. २००२ मध्ये ते मायदेशी पोचले आणि तिचा दफनविधी झाला.

त्याला मान खूप मिळाला. नेपोलियनच्या काळात पदं, राजेशाही परतल्यावरही पदं, बॅरन ही पदवी. घरात मात्र चारही मुलं त्याच्या डोळ्यांदेखत गेली. शेवटची क्लेमांतीन १८२७ मध्ये गेली, तेव्हा तिचं लग्न ठरलेलं होतं. ८ मे १८३२ ला त्याने कॉलेज द फ्रान्समध्ये व्याख्यान दिलं, त्यानंतर पक्षाघात झाला आणि १३ मे ला तो गेला. लामार्कवर लिहून ठेवलेला त्याचा बोचरा मृत्युलेख त्याच्या मृत्यूनंतर, नोव्हेंबरमध्ये अकादमीत वाचला गेला.

कोणी पुढे शिकायला फ्रान्सला गेलंच, तर पॅरिसमध्ये टॉवरवरची नावं वाचून झाल्यावर जार्दँ दे प्लाँतमधलं हाडांचं दालनही बघून यावं. तिथे वरच्या मजल्यावर द्युरफोरला सापडलेल्या जुन्या मॅमथचा सांगाडा उभा आहे. दाढा नीट बघा.